पर्शियन समजला गेलेला रशियन

मागच्या अंकात रशियावर चार ओळी काय लिहिल्या, पत्रांचा पाऊसच पडला, आणि मराठवाड्यात पाऊस पडला की तक्रार करायची नसते म्हणून गपगुमान सगळी वाचली. जमतील तेवढी उत्तरं देतो.

परभणीहून एक वडील लिहितात : मुलगी रशियात एमबीबीएसच्या दुसऱ्या वर्षाला आहे. जानेवारीत तिनं व्हिडिओ पाठवला, रात्रीच्या वेळी नदीचा बर्फ फोडून लोक पाण्यात बुड्या मारायलेत, छातीवर क्रॉस काढायलेत. आम्हाला वाटायचं तिथं देवधर्म बंद आहे. हे कधीपासून सुरू झालं?

दादा, सुरू आत्ता झालं नाही, मधे कम्युनिस्ट राजवटीत दाबून ठेवलं होतं. १९ जानेवारीला त्यांच्याकडं येशूच्या बाप्तिस्म्याचा सण असतो, बर्फात खड्डा करतात, बऱ्याचदा क्रॉसच्याच आकाराचा, आणि तीन बुड्या मारायच्या. आपल्याकडं गंगेवर (म्हणजे गोदावरीवर, परभणीवाल्यांना सांगायला नको) पर्वणीला जसं जातात तसंच, फरक एवढाच की तिथं पाण्याच्या आधी कुऱ्हाड लागते.

त्यांच्या ख्रिस्ती होण्याची तारीख धरतात ९८८, कीव्हचा राजा व्लादिमिर यानं बायझंटियमकडून, म्हणजे कॉन्स्टँटिनोपलच्या चर्चकडून दीक्षा घेतली. कीव्ह आज युक्रेनची राजधानी आहे त्यामुळं हा वारसा नक्की कुणाचा यावरून दोघांची भाऊबंदकी चालूच आहे. बंदीचं म्हणाल तर एकच उदाहरण देतो. मॉस्कोत ख्राइस्ट द सेव्हियर नावाचं भलंमोठं चर्च होतं, नेपोलियनला हाकलल्याच्या आठवणीत बांधलेलं. १९३१ मध्ये ते सुरुंग लावून उडवलं. त्या जागी सोव्हिएट पॅलेस उभा राहणार होता, तो काही झाला नाही, मग १९६० मध्ये तिथं उघड्यावरचा स्विमिंग पूल सुरू केला, पाणी गरम. आणि २००० पर्यंत त्याच जागी तेच चर्च परत उभं.

छत्रपती संभाजीनगरहून एम.ए.चा विद्यार्थी : आमच्याकडं एका व्याख्यानात सर म्हणाले की स्लाव्होफिल हे रशियाचे पहिले राष्ट्रवादी आणि झारचे भाट. खरंय का? आणि सोप्या भाषेत सांगा, पुस्तकात वाचलं तर डोकं दुखतं.

स्लाव्होफिल म्हणजे रशियानं युरोपची नक्कल सोडून आपल्या जुन्या वळणावर यावं म्हणणारे. पहिलं अर्धं कसंबसं चालेल, भाट मात्र अजिबात नाही.

सुरुवात होते १८३६ ला. चादायेव्ह नावाच्या माणसाचं एक पत्र मॉस्कोच्या मासिकात छापून आलं. त्यात त्यानं लिहिलं की आपण ना पूर्वेचे ना पश्चिमेचे, जगाला आपण काहीच दिलं नाही, धर्म बायझंटियमकडून घेतला आणि युरोपच्या घरातून बाहेर राहिलो. मूळ पत्र फ्रेंचमध्ये होतं, कारण तेव्हा रशियातले मोठ्या घरचे लोक आपसात फ्रेंचच बोलायचे, आज आपल्याकडं इंग्लिश मीडियमच्या पालकांचं जे चालतं तेच. झार निकोलस पहिला यानं मासिक बंद केलं, संपादकाला हद्दपार केलं आणि चादायेव्हला चक्क वेडा जाहीर करून त्याच्यावर डॉक्टरची देखरेख लावली.

आता या पत्राला उत्तर द्यायला जे बसले त्यातून स्लाव्होफिल तयार झाले. खोम्याकोव्ह, इव्हान किरेयेव्स्की, कॉन्स्टंटिन अक्साकोव्ह, समारिन ही मुख्य मंडळी, सगळे जमीनदार, सगळे मॉस्कोचे, सगळे भरपूर शिकलेले. त्यांचं म्हणणं असं की आपलं घर मोडलं ते पीटरनं. तोच तो झार, ज्यानं १७०३ मध्ये पीटर्सबर्ग वसवलं, दरबाऱ्यांच्या दाढ्या काढायला लावल्या आणि ज्याला ठेवायचीय त्याच्यावर कर बसवला. कर भरला की एक बिल्ला मिळायचा, त्यावर दाढीमिशीचं चित्र आणि खाली ‘पैसे मिळाले’ असं लिहिलेलं, म्हणजे दाढीची पावतीच म्हणा ना. त्यानं चर्चचा प्रमुख, ज्याला पॅट्रिआर्क म्हणतात, ते पदही गुंडाळलं आणि १७२१ मध्ये सरकारी मंडळ नेमलं, चर्च झालं सरकारी खातं. मग वरचे लोक युरोपियन झाले, खालचे रशियनच राहिले, आणि मधला पूल तुटला, हे या मंडळींचं दुखणं.

आणि गंमत बघा, किरेयेव्स्कीनं १८३२ मध्ये स्वतः जे मासिक काढलं त्याचं नाव होतं ‘युरोपियन’! दोन अंकात बंदी आली. हा माणूस बर्लिनला जाऊन हेगेल या जर्मन तत्त्वज्ञाची व्याख्यानं ऐकून आलेला. गावाकडची ओढ लागायला आधी गाव सोडावं लागतं, पुण्याला गेलेल्या आपल्या पोरांनाच हुरडा पार्टीचा उमाळा जास्त येतो तसं.

कॉन्स्टंटिन अक्साकोव्हनं तर कहर केला, जुन्या पद्धतीचा रशियन अंगरखा, टोपी, दाढी असा वेष करून मॉस्कोत फिरायला लागला. चादायेव्ह थट्टेनं सांगायचा की रस्त्यावरच्या लोकांना तो पर्शियन वाटला! ज्यांच्यासाठी एवढा खटाटोप त्यांनीच ओळखलं नाही. मला या सगळ्या प्रकरणात हाच किस्सा सगळ्यात खरा वाटतो.

झारचे भाट म्हणाल तर ऐका. १८३३ पासून सरकारची अधिकृत घोषणा होती, धर्म, राजसत्ता आणि राष्ट्रीयत्व. ऐकायला अगदी स्लाव्होफिलांसारखी. पण १८४९ मध्ये त्याच सरकारनं फर्मान काढलं की सरदार-जमीनदारांनी दाढी ठेवायची नाही, आणि अक्साकोव्ह मंडळींना गुपचूप दाढी काढावी लागली. समारिनला त्याच वर्षी काही दिवस किल्ल्यात डांबलं होतं. खोम्याकोव्हनं ऑर्थोडॉक्स धर्माची (तोच, बायझंटियमकडून आलेला) एवढी बाजू घेतली तरी त्याचे धर्मावरचे लेख तो जिवंत असताना रशियात छापू दिले नाहीत, बाहेर फ्रेंचमध्ये छापावे लागले. सरांना हे सांगा, पण परीक्षा झाल्यावर.

अंबाजोगाईहून निवृत्त शिक्षिका : ‘सोबोर्नोस्त’ हा शब्द वाचला. आपल्या दिंडीसारखं काही आहे का ते?

ताई, मुकुंदराजांच्या गावातून हा प्रश्न यावा हे बरोबरच आहे. सोबोर म्हणजे सभा, आणि मोठं चर्चही. खोम्याकोव्हचं म्हणणं थोडक्यात असं : कॅथलिकांकडं एकी आहे पण मोकळीक नाही, कारण वर पोप. प्रोटेस्टंटांकडं मोकळीक आहे पण एकी नाही. आमच्याकडं, म्हणजे ऑर्थोडॉक्सांकडं, दोन्ही आहे, कारण आम्हाला प्रेमानं बांधलंय. हेच सोबोर्नोस्त. १८४८ मध्ये पूर्वेकडच्या पॅट्रिआर्क मंडळींनी पत्रक काढलं की धर्माचा राखणदार म्हणजे चर्चची सगळी माणसं, लोक स्वतःच, तेव्हा खोम्याकोव्हला कोण आनंद झाला.

दिंडीत टाळ प्रत्येकाचा वेगळा वाजतो तरी भजन एकच, इथपर्यंत जुळतं. नरसीचे नामदेव शिंपी, तेरचे गोरोबा कुंभार, गंगाखेडच्या जनाबाई दासी, त्यांनी स्वतः अभंग रचले. सोबोर्नोस्तची सुंदर व्याख्या मात्र जमीनदारानं लिहिली, आणि त्याच्या पदरी भूदास होते, जमिनीला बांधलेले, विकता येणारे. भूदासपद्धत जावी असं या मंडळींना मनापासून वाटायचं, समारिन १८६१ च्या मुक्तीच्या कायद्याच्या कामात राबला, खोम्याकोव्ह तर १८६० मध्ये कॉलरा झालेल्या शेतकऱ्यांना औषध देतादेता स्वतःच कॉलऱ्यानं गेला. माणसं खोटी नव्हती. पण ताई, जनाबाईचं जनाबाईनं सांगणं आणि जनाबाईबद्दल मालकानं सांगणं यात फरक पडतोच.

धाराशिव जिल्ह्यातून एक शेतकरी : रशियात म्हणे गावची जमीन सामाईक असायची आणि काही वर्षांनी फेरवाटप व्हायचं. आमच्याकडं हातभर बांधासाठी तिसरी पिढी कोर्टात आहे. तिथं जमलं कसं?

त्याला ‘मिर’ म्हणायचे. घरात माणसं किती, राबणारे हात किती ते बघून पट्ट्या वाटायच्या, चांगल्या रानातली एक, हलक्या रानातली एक, म्हणजे कुणी रडायला नको. स्लाव्होफिलांना यात रशियाचा आत्माच दिसला. पण सरकारी कराची जबाबदारीही सगळ्या गावाची असायची, एकानं बुडवला की बाकीच्यांनी भरायचा. १८५६ मध्ये चिचेरिन नावाच्या इतिहासकारानं सरळ लिहिलं की हे काही प्राचीन प्रेमबिम नाही, कर वसूल करायला सरकारनंच हे वळण लावलं. निजामाच्या काळचे, शेतसारा गोळा करणारे माली पाटील ज्यांच्या घरात होते त्यांना हे पटकन पटेल. आणि या मिरला जगभर प्रसिद्धी दिली कुणी, तर १८४३ मध्ये फिरायला आलेल्या हाक्स्टहाउझेन नावाच्या जर्मन सरदारानं! बांधाचं मात्र मोजणी आणून मिटवा, रशियाच्या नादी लागू नका.

जालन्याहून एक पोस्टकार्ड (अजून येतात!) : मग आजचा रशिया यांच्याच विचारानं चालतो का?

नावं घेतात, निवडून घेतात. १८५५ मध्ये कॉन्स्टंटिन अक्साकोव्हनं नव्या झारला टिपण दिलं होतं, त्याचा मथितार्थ : सत्ता तुमची, पण बोलायचं स्वातंत्र्य लोकांचं. ते अर्धं कुणी काढत नाही. जुनी मंडळी १८६० पर्यंत बहुतेक गेली, मग विचाराला लढाईचा रंग चढला, सगळ्या स्लाव्ह लोकांना रशियाच्या छत्राखाली आणायचं वगैरे. धाकटा भाऊ इव्हान अक्साकोव्ह त्यातला पुढारी, आणि १८७८ मध्ये बर्लिनच्या तहात सरकारनं नमतं घेतलं म्हणून त्यानं भर सभेत झाडलं तर त्यालाही मॉस्कोतून उचलून खेड्यात पाठवलं.

जागा संपली. परभणीच्या दादा, मुलीनं स्वतः बुडी मारली की नुसता व्हिडिओच काढला, ते काही तुम्ही लिहिलं नाही, तेवढं कळवा.