भाष्यकार की विश्लेषक?

निपाणीच्या एका वाचकाने विचारलं आहे: सीमाप्रश्नावरच्या माहितीपटात एक गृहस्थ बोलतात, नावाखाली पट्टी येते 'राजकीय भाष्यकार'. इथे 'विश्लेषक' नको होतं का?

मला 'भाष्यकार'च योग्य वाटतो. विश्लेषण म्हणजे चिकटलेलं सुटं करणं. कुठल्या मतदारसंघात कुणाची मतं कुठे वळली, याची फोड करतो तो विश्लेषक. भाष्याला मात्र आधी मूळ वचन लागतं, आणि भाष्यकाराला स्वतःची भूमिका असतेच. ब्रह्मसूत्रं तीच, पण शंकराचार्यांनी त्यांतून अद्वैत मांडलं आणि रामानुजांनी विशिष्टाद्वैत. म्हणून दोघांपैकी कुणाचं भाष्यकारपण उणं झालं नाही. ज्ञानेश्वरीच्या अठराव्या अध्यायातही 'भाष्यकारांतें वाट पुसतु' असं आदरानेच आलंय.

आपल्याकडचं मूळ वचन म्हणजे महाराष्ट्र-कर्नाटक सीमावादावरचा महाजन आयोगाचा १९६७ चा अहवाल. बेळगाव शहर तेव्हाच्या म्हैसूर, म्हणजे आजच्या कर्नाटक राज्यातच राहावं, असं त्यात आहे. कन्नड बाजूचा भाष्यकार तोच अखेरचा शब्द मानतो. मराठी बाजूचा विचारतो, सीमा आखताना खेडं हा घटक आणि भाषिक बहुसंख्या ही कसोटी धरायची, ते कुठे गेलं? मजकूर एकच, भाष्यं दोन.

माहितीपटाला कन्नडमध्ये 'साक्ष्यचित्र' म्हणतात. दोन्ही भाषा कानावर असलेल्या आपल्यासारख्यांनी या शब्दाकडे जरूर पाहावं. साक्ष देतो तो पाहिलेलं सांगतो. एक नोव्हेंबरला, मराठी भाग कर्नाटकात गेल्याच्या निषेधात निघणाऱ्या काळ्या दिनाच्या फेरीत चाललेल्या आजी साक्षीदार. त्या फेरीचा अर्थ लावणारा भाष्यकार. संकलनात दोघांची वाक्यं पाठोपाठ जोडली की मतही पुराव्यासारखं ऐकू येतं. भाषेवरून माणसं दुखावलेल्या भागात हे फार जपायला हवं, म्हणून पट्टी नेमकी हवी. बोलणारा सीमाभाग महाराष्ट्रात यावा म्हणणाऱ्या महाराष्ट्र एकीकरण समितीचा किंवा एखाद्या कन्नड संघटनेचा पदाधिकारी असेल तर तिथे 'भाष्यकार'ही पुरत नाही, सरळ पदच लिहावं.

'अभ्यासक' ज्याने कागदपत्रं, जनगणनेचे तक्ते खरोखर धुंडाळलेत त्याच्यासाठी राखून ठेवा. आणि 'टीकाकार' टाळाच. पूर्वी तो ग्रंथाचा अर्थ उलगडणारा होता, आज ऐकणाऱ्याला त्यात फक्त दोष काढणारा दिसतो.