बंगाली मंत्रांच्या पोथ्या वाचायला घेताय?

हौस चांगली आहे, पण सुरुवात मंत्रांपासून करू नका. आधी सापांची देवी मनसा आणि बेहुला-लखिंदर या जोडप्याची कथा वाचून काढा; त्यात लखिंदर साप चावून मरतो आणि बेहुला त्याला परत आणते. सापाचं विष उतरवायचे ओझांचे, म्हणजे तिकडच्या मांत्रिकांचे, कितीतरी मंत्र याच कथेवर उभे आहेत. ती माहीत नसेल तर निम्म्या ओळी डोक्यावरून जातील. बंगालीतली गोपीचंद-मैनावती तर नवनाथांमुळे आपल्या ओळखीचीच!

मग मंत्राचा शेवट बघायची सवय लावा. 'कार आज्ञे? कामरूप कामाख्यार आज्ञे.' म्हणजे, कोणाच्या आज्ञेने? आसामातल्या कामरूपच्या कामाख्या देवीच्या आज्ञेने. मंत्र कोणाच्या जोरावर चालतो ते तिथे उघड सांगितलेलं असतं. त्याच जागी कधी हाडी या जातीतल्या माणसाची लेक म्हणवली जाणारी चंडी देवी येते, कधी अल्लाची दुहाई. दचकू नका, बंगालच्या खेड्यात ओझा आणि फकीर एकाच गिऱ्हाइकाला सांभाळत आलेत.

नवशिके हमखास चुकतात ते इथे:

– कोलकात्याच्या बटतला या छापखान्यांच्या भागातलं स्वस्त पुस्तक प्राचीन समजणं.
– अडलेल्या प्रत्येक शब्दात गूढ शोधणं. बरेचदा ती नुसती बोली असते, नाहीतर छपाईची चूक.
– पोथ्यांतली औषधं करून बघणं. हे अजिबात नको. साप चावला तर सरळ दवाखाना गाठायचा, प्रतिविष तिथेच मिळतं.

संस्कृत तंत्रग्रंथ तूर्तास कपाटातच राहू द्या.