गावाने दुरुस्त केलेली संहिता

प्रश्न : दिवाळीनंतरच्या मंडईत, म्हणजे गावच्या जत्रेत, आमच्या मंडळाला झाडीबोलीत (पूर्व विदर्भातली आमची बोली) नवं नाटक करायचं आहे. विषय तेंदूपत्त्याच्या, म्हणजे विडीच्या पानांच्या तोडणीच्या मजुरीचा. लिहिणारा पोरगा कॉलेजात शिकलेला, त्यामुळे संवाद पुस्तकी होतात. केनियाचे न्गुगी वा थिओंगो अमेरिकेत प्राध्यापक असूनही मातृभाषेत लिहीत, असं ऐकलं. त्यांना हे कसं साधलं?
– एक वाचक, ता. सिंदेवाही

उत्तर : न्गुगी परदेशी जाण्याच्या कितीतरी आधी मातृभाषेकडे वळले होते, आणि त्याची किंमत म्हणूनच त्यांना देश सोडावा लागला. इंग्रजी कादंबऱ्यांनी नाव झालेलं, नैरोबी विद्यापीठात साहित्य शिकवत होते. 1977 मध्ये लिमुरूजवळच्या कामिरिथू या आपल्या गावासाठी त्यांनी न्गुगी वा मिरी यांच्यासोबत गिकुयू या मातृभाषेत ‘न्गाहिका न्देंदा’ हे नाटक लिहिलं.

तुमच्या कामाचा भाग इथेच आहे. संहिता त्यांनी कच्चीच गावापुढे ठेवली. वाचन आणि तालमी उघड्यावर, येणारा-जाणारा बोलणार. म्हातारा माणूस असं बोलत नाही, त्याच्या तोंडी म्हण हवी, असं लोक सांगत आणि संवाद बदले. रंगमंचसुद्धा गावकऱ्यांनीच बांधला. आधी काड्यापेटीच्या काड्या जमिनीवर मांडून नकाशा केला.

ऑक्टोबरात प्रयोग सुरू झाले, नोव्हेंबरात सरकारने परवाना काढून घेतला. 31 डिसेंबरला न्गुगींना अटक झाली. वर्षभराच्या कैदेत त्यांनी टॉयलेट पेपरवर गिकुयू कादंबरी लिहिली. सुटल्यावर विद्यापीठातली नोकरी परत मिळाली नाही. 1982 मध्ये लंडनला गेले असताना परतल्यास अटक होईल असं कळलं, म्हणून तिकडेच राहिले. त्याच वर्षी कामिरिथूचा रंगमंच सरकारने पाडून टाकला. पुढे अमेरिकेत येल, न्यूयॉर्क आणि 2002 पासून अर्व्हाइन इथे शिकवलं. कादंबरी आधी गिकुयूत, मग स्वतःच इंग्रजीत, हा क्रम त्यांनी तिकडेही ठेवला. निबंध मात्र इंग्रजीतही लिहिले.

आता तुमचं नाटक. पोराने प्रसंगांचा आराखडा आणि कच्चे संवाद लिहावेत, पण पाठांतर लगेच सुरू करू नका. एकदा पाठ झालेलं वाक्य नट सोडत नाही, दुरुस्ती तिथेच अडते. आधी तीन-चार वाचनं पानं तोडणाऱ्या बायांसमोर, त्यांना सवड असेल त्या वेळी करा. फळीवरच्या (पानं जमा करतात त्या जागेवरच्या) हिशेबाचा प्रसंग त्यांच्याकडूनच बोलून घ्या: पुडा 70 पानांचा, कोणता पुडा बाद झाला, बाद करणारा काय म्हणाला, बाई त्यावर काय म्हणाली. एकाने वही धरावी आणि उच्चार जसा कानावर येईल तसाच उतरवावा. ‘पानी’, ‘डोरा’ असं लिहिलेलं कोणी ‘पाणी’, ‘डोळा’ करू नये. सगळ्यात जास्त घात इथेच होतो, कारण स्वच्छ प्रत काढणारा सवयीने शुद्ध करतो. म्हणून स्वच्छ प्रतही त्याच बायांना पुन्हा वाचून दाखवा. ठेकेदाराची भाषा वेगळी असेल तर ती वेगळीच राहू द्या.