रोजंदारीची 14 वर्षं झाली, आता ठेकेदार आणतायत. आईला पर्मनंट करून मागता येईल का?

प्रश्न: वकीलताई नमस्कार. माझी आई आमच्या तालुक्यातल्या एका सरकारी रोपवाटिकेत 14 वर्षांपासून रोजंदारीवर आहे. पिशव्या भरणं, पाणी घालणं, निंदणी सगळं करते. दरवर्षी आठ-दहा दिवस ब्रेक देतात आणि परत बोलावतात. हातात ऑर्डर काही नाही, आधी पगार रोख मिळायचा, आता बँकेत येतो. आता साहेब म्हणतात पुढच्या महिन्यापासून ठेकेदार पगार करणार, फॉर्मवर अंगठा द्या. गावात सगळे म्हणतात वर्षात 240 दिवस भरले की माणूस आपोआप पर्मनंट होतो, खरंय का?

उत्तर: दादा, आधी तो अंगठा थांबवा. फॉर्मची झेरॉक्स मागा, कुणाकडून तरी नीट वाचून घ्या, कारण एकदा त्यावर अंगठा उठला की उद्या कोर्टात म्हणतील ही बाई आमची नव्हेच, ठेकेदाराची आहे.

240 दिवसांचं अर्धंच खरं आहे. सरकारी ठिकाणी तेवढ्यावर कुणी आपोआप कायम होत नाही. 2006 च्या उमादेवी निकालात सुप्रीम कोर्टाच्या 5 न्यायाधीशांनी सांगितलं की रीतसर भरती न होता लागलेल्यांना कोर्टाने सरसकट कायम करू नये. ऑफिसवाले हाच निकाल तोंडावर फेकतात आणि माणसं घाबरून घरी बसतात, याचं मला फार वाईट वाटतं. कारण महाराष्ट्रात 1971 चा अनुचित कामगार प्रथांचा कायदा आहे आणि कायम कामगाराचे फायदे मिळू नयेत म्हणून माणसाला वर्षानुवर्षं टेंपररी ठेवणं ही त्यात अनुचित प्रथा धरलीय. एसटीच्या सफाई कामगारांच्या केसमध्ये 2009 साली सुप्रीम कोर्टानेच सांगितलं की उमादेवीमुळे औद्योगिक न्यायालयाचे या कायद्यातले अधिकार गेलेले नाहीत. फक्त पद नसेल तर कोर्ट नवीन पद तयार करू शकत नाही, म्हणून तिथे मंजूर पदं किती आणि रिकामी किती हे काढणं फार गरजेचं आहे.

आता कोर्टात विचारतील, फायदे द्यायचे नाहीत हा साहेबांचा हेतू होता हे कशावरून? पुण्याजवळच्या पाचगाव पर्वतीच्या वनखात्याच्या कामावरच्या मजुरांची केस बघा. तिथे सुप्रीम कोर्टाने म्हटलं की पाच-सहा वर्षं तसंच राबवून घेतलं तर त्यावरूनच हेतू दिसतो, गरीब मजुराने तो वेगळा सिद्ध करायची गरज नाही. तुमच्या आईची तर 14 वर्षं झालीत!

पण केस हरतात ती बहुतेक कागद नसल्यापायी. 2002 मध्ये कर्नाटकातल्या एका वनमजुराच्या केसमध्ये सुप्रीम कोर्ट म्हणालं, 240 दिवस काम केलं हे मजुराने दाखवायचं, नुसतं प्रतिज्ञापत्र पुरत नाही. म्हणून आजच 10 रुपयांचा माहिती अधिकार अर्ज टाका, हजेरीपट, पगाराची व्हाउचर, मंजूर पदांची यादी सगळं मागा, उत्तर 30 दिवसांत द्यावं लागतं. बँकेचं पासबुक भरून आणा, मुकादमाच्या हातचं चिठ्ठीचपाटी काही असेल तर जपून ठेवा, सोबत काम केलेल्या बायकांची नावं लिहून काढा. आणि कोर्टात हजेरीपट हजर करा असा अर्जही द्यायचा, कारण मस्टर त्यांच्याच कपाटात असतं, मुद्दाम दडवलं तर ते त्यांच्या विरुद्ध जाऊ शकतं.

तक्रार औद्योगिक न्यायालयात, अनुचित प्रथा घडल्यापासून 90 दिवसांच्या आत, आणि आई कामावर असतानाच करा. सोबत कामावरून काढू नये, ठेकेदाराकडे वळवू नये म्हणून अंतरिम, म्हणजे निकाल लागेपर्यंतचा, आदेशही मागा, काढून टाकल्यावर सगळंच अवघड होतं. केंद्राची नवी औद्योगिक संबंध संहिता (मालक-कामगार वादांचा कायदा) 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झालीय, तेव्हा अर्ज नेमका कशाखाली टाकायचा ते कामगार कायद्याच्या वकिलाला दाखवूनच ठरवा. तिच्यासोबतच्या बायकांनाही घ्या, एकटीला ब्रेक देणं सोपं असतं, पंधरा जणींना एकदम देणं जड जातं.

प्रश्न (दुसऱ्या रोजंदार वाचकाचा): पर्मनंट नाही झालो तर पगार तरी सारखा मिळेल का? काम तेच करतो.

उत्तर: मागता येतो. 2016 च्या पंजाब सरकार विरुद्ध जगजीत सिंग निकालात सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की कायम माणसाचंच काम रोजंदार करत असेल तर त्याला त्या पदाच्या वेतनश्रेणीतला सुरुवातीचा पगार द्यावा. पण काम खरंच तेच आहे हे दाखवावं लागेल, म्हणून तुमच्या शेजारी बसणाऱ्या कायम माणसाचं पद आणि रोजची कामं आत्ताच लिहून ठेवा.