भावाच्या आंतरजातीय लग्नावरून सांगली जिल्ह्यातल्या गावी आई-वडिलांना धमक्या येतायत, पोलीस फक्त एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नोंद) घेतात. कोर्टातून संरक्षण मिळेल का?

हो, मिळेल, आणि आई-वडिलांनाही मिळेल. मी अशा याचिका चालवते. बहुतेक वेळा सगळी धावपळ जोडप्यासाठी होते. ते दोघं शहरात निघून गेलेले असतात आणि राग निघतो गावात मागे राहिलेल्या म्हाताऱ्या माणसांवर. म्हणून आई-वडिलांना याचिकेत अर्जदार करा, नुसता उल्लेख नको.

ऑनर किलिंगविरोधातल्या शक्ती वाहिनी खटल्याच्या निकालात (27 मार्च 2018) सर्वोच्च न्यायालयाने जोडप्यासोबत कुटुंबाच्या सुरक्षेचीही जबाबदारी पोलिसांवर टाकली आहे. धमकीची प्राथमिक चौकशी अपर पोलीस अधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याने करायची आणि अहवाल आठवड्याच्या आत अधीक्षकांकडे द्यायचा. त्यामुळे एनसीवर थांबू नका. आजच अधीक्षकांच्या नावे अर्ज द्या. कोण, कधी, काय बोललं ते तारखेसह लिहा, कॉल रेकॉर्डिंग आणि मेसेज जोडा, शिक्क्याची पोच घ्या. न्यायाधीश आधी हेच विचारतात की पोलिसांकडे गेला होतात का.

तरीही हालचाल झाली नाही तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात जा. तुम्ही सांगलीचे आहात. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच (फिरतं खंडपीठ) आहे, मुंबई गाठायची गरज नाही. वकिलाची फी झेपत नसेल तर विधी सेवा प्राधिकरणाकडे जा (हेल्पलाइन 15100). आई आणि वहिनीला स्त्री म्हणून, उत्पन्न कितीही असलं तरी, मोफत वकील मिळतो.

एक गोष्ट कळकळीने सांगते: भाऊ-वहिनी राहतात तो पत्ता याचिकेत लिहू नका. मुलीचे वडील-भाऊ प्रतिवादी असतील तर याचिकेची प्रत त्यांच्याच हातात जाते. याचिकेत ‘वकिलामार्फत’ असा, म्हणजे वकिलाचा पत्ता द्या आणि खरा पत्ता बंद पाकिटात पोलिसांना द्या. वहिनीच्या माहेरच्यांनी मिसिंग किंवा अपहरणाची तक्रार केली असेल, तर वयाचा पुरावा, लग्नाचं प्रमाणपत्र आणि ‘मी स्वखुशीने आले’ असं तिच्या सहीचं निवेदन दोन्ही पोलीस ठाण्यांना पाठवा.

सुनावणीत सरकारी वकील बहुधा ‘आम्ही संरक्षण देतो’ म्हणतात आणि याचिका तिथेच निकाली निघते. तेवढ्यावर समाधान मानू नका. जबाबदार अधिकाऱ्याचं नाव, त्याचा मोबाइल नंबर, घरापाशी बंदोबस्त किती दिवस आणि पुन्हा धमकी आली तर याच न्यायालयात येण्याची मुभा, हे सगळं आदेशात लिहून मागा.