पट्टे नसलेल्या जर्मन रस्त्यावर लेन किती, आणि आपण कुठे राहायचं

नमस्कार. मार्चमध्ये बायको-मुलीला घेऊन श्टुटगार्टला येताय, नाशिकला दहा वर्षं गाडी चालवली आहे, आणि इथल्या गल्ल्यांचे व्हिडिओ पाहून तुम्हाला प्रश्न पडलाय: रस्त्यावर पट्टेच नसतील तर लेन किती हे ठरवायचं कसं? बाकीच्यांनी "उजवीकडून चालवा, आठवड्यात सवय होते" असं सांगितलंय. उजव्या बाजूची सवय होते, हे खरं. पण तुमचा प्रश्न वेगळा आहे आणि महत्त्वाचाही आहे. मी जर्मन लायसन्सच्या पहिल्या प्रॅक्टिकलला नेमकी याच मुद्द्यावर नापास झाले, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

परीक्षेचा रस्ता असा होता: दोन्ही कडांना गाड्या उभ्या, मध्ये नुसतं डांबर, एकही पट्टा नाही. मागच्या सीटवरून परीक्षक म्हणाले, पुढे डावीकडे वळा. मी आरसा पाहिला, डावा इंडिकेटर दिला आणि डावीकडे समोरून येणाऱ्यांसाठी जागा सोडून साधारण मध्यावर राहिले. वळायला सुरुवात केली आणि शेजारी बसलेल्या शिक्षकांनी करकचून ब्रेक दाबला. माझ्या डावीकडून मागची गाडी पुढे आली होती, तिलाही डावीकडेच वळायचं होतं. शिक्षकांना ब्रेक लावावा लागला की परीक्षा तिथेच संपते.

दोन दिवसांनी शिक्षक मला त्याच रस्त्यावर घेऊन गेले, गाडी बाजूला लावली आणि म्हणाले, उतर आणि डावीकडच्या उभ्या गाड्यांची तोंडं बघ. सगळ्या गाड्यांची तोंडं आमच्याच दिशेला होती. जर्मनीत साध्या रस्त्यावर गाडी फक्त आपल्या उजव्या कडेला लावता येते. डाव्या कडेला लावायची मुभा वन-वेवर असते. म्हणजे डावीकडच्या गाड्या आपल्याकडे पाठ करून उभ्या असतील तर रस्ता वन-वे, आणि आपल्याकडे तोंड करून असतील तर दुहेरी. वन-वेची निळी पाटी मी दोन चौक आधी ओलांडली होती आणि विसरले होते. नियम असा की दुहेरी रस्त्यावर डावीकडे वळताना मध्यापर्यंत जायचं, पण वन-वेवर शक्य तितकं डाव्या कडेला जायचं. मी मध्यावर राहून माझ्या डावीकडे एक अख्खी लेन मोकळी सोडली होती. मागच्या माणसाने ती वापरली. चूक त्याची नव्हती.

आता नियमाकडे येते, कारण इथेच आपल्याकडच्या माणसाचा घोळ होतो. आपल्या डोक्यात लेन म्हणजे दोन पट्ट्यांमधली जागा. पट्टा पुसला की लेन गेली, मग जिथे चाक मावेल तिथे आपण. इथल्या वाहतूक नियमावलीत, म्हणजे श्ट्रासेनफेरकेअर्स-ओर्डनुंगच्या कलम ७ मध्ये, लेनची व्याख्याच वेगळी आहे: चारचाकीला रस्त्याने विनाअडथळा जायला रस्त्याचा जेवढा भाग लागतो, ती एक लेन. जर्मन शब्द फारश्ट्राइफन. रंगाचा त्यात उल्लेख नाही. शिवाय माप चारचाकीचं आहे. नाशिकला मेन रोडवर दुचाक्यांची आपोआप एक रांग तयार होते तशी 'लेन' इथे धरत नाहीत.

म्हणून पट्टा नसेल तेव्हा रुंदी बघायची. ट्रक-बसची कायदेशीर कमाल रुंदी आरसे सोडून २.५५ मीटर आहे. आपली नेहमीची कार आरशांसकट दोन मीटर धरा. दोन धावत्या गाड्या शेजारून सुखरूप जायला पाच-साडेपाच मीटर हवेत, असा माझा अंदाज असतो. डोळ्यांनी मीटर मोजता येत नाहीत हे मान्य, पण उभ्या गाड्या मोजपट्टीचं काम करतात: मधल्या मोकळ्या डांबरात तशा किती गाड्या ऐसपैस बसतील? "ऐसपैस" हा शब्द सोडू नका. आरसे घासून मावतात ती गाडी मोजायची नाही.

रुंदीशिवाय आणखी काही गोष्टी बघायच्या. चौकातली थांबण्याची आडवी पांढरी रेघ अर्ध्याच रस्त्यावर असेल तर उरलेला अर्धा समोरच्यांचा; एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत असेल तर बहुतेक सगळा रस्ता आपल्या दिशेचा. मधला पट्टा पुसला तरी ही रेघ पुष्कळदा टिकते, कारण ती जाड असते. डाव्या कडेला पाट्यांच्या पाठी दिसत असतील, तर त्या समोरून येणाऱ्यांसाठी आहेत, म्हणजे समोरून वाहनं येणार. डांबराच्या लांबट सांध्यावर मात्र विसंबू नका. पावसात तो मधल्या रेघेसारखा चमकतो, पण पाइपलाइन खणून बुजवलेली असते तिथेही तसाच सांधा असतो.

वन-वेच्या निळ्या पाटीखाली सायकल आणि उलटसुलट बाणांची छोटी पाटी असेल, तर सायकलवाले समोरून येणार. अशा रस्त्यावर डावीकडे जाताना त्यांची जागा सोडायची. श्टुटगार्टच्या चढ-उतारांवर उतरणीने येणारी सायकल फार झपाट्याने येते.

आता दुसरी बाजू. लेन रुंदीवर ठरते, पण काही मुभा मात्र रंगामुळेच मिळतात. हा फरक मला कुणी आधी सांगायला हवा होता. गावात, म्हणजे वस्तीच्या हद्दीत (शहरही त्यातच आलं), एका दिशेला दोन किंवा जास्त लेन आखलेल्या असतील, तर साडेतीन टनांपर्यंतच्या गाडीने कुठलीही लेन निवडावी, आणि उजव्या लेनमधली गाडी डावीकडच्या गाडीच्या पुढे गेली तरी चालतं. तोच रस्ता, तीच रुंदी, पण पट्टे नाहीत, तर मूळ नियम लागू: उजवीकडे राहा. तिथे रिकाम्या रस्त्यावर विनाकारण डावीकडून जाणं चूक. वाहनं दाटली की मात्र जागा असेल तिथे शेजारी-शेजारी दोन रांगा करता येतात, सिग्नललाही करतात. तुम्ही नवीन आहात, तोवर उजव्या रांगेत उभे राहा.

गावाबाहेरही हाच प्रकार. साध्या रस्त्यावर कारला ताशी १०० किलोमीटरची मर्यादा असते. मध्ये दुभाजक असेल, किंवा प्रत्येक दिशेला किमान दोन लेन पट्ट्यांनी आखलेल्या असतील, तर ही सरसकट मर्यादा लागू होत नाही. म्हणजे दुभाजक नसलेला चौपदरी रुंद रस्ता, पण नवं डांबर टाकून पट्टे मारायचे राहिलेत, तर तिथे १००च. अशा ठिकाणी "फारबानमार्कीरुंग फेल्ट" अशी पाटी लावतात, म्हणजे "रस्त्यावरच्या खुणा नाहीत". ती दिसली की वेग कमी करा आणि पुढच्या गाडीपासून अंतर वाढवा. प्रत्येक जण मध्य वेगळीकडे धरतो.

तुम्ही व्हिडिओत पाहिलेल्या गल्ल्या बहुतेक ३०च्या, म्हणजे ताशी ३० किलोमीटर मर्यादेच्या, झोनमधल्या आहेत. तिथे पट्टे पुसलेले नाहीत, मुळात मारलेलेच नाहीत. झोन करायचा तर त्यात मधली रेघ असलेले रस्ते घेता येत नाहीत, सिग्नलचे चौकही नाहीत, असा नियमच आहे. झोनची पाटी आत शिरताना एकदाच दिसते आणि शेवटची पाटी येईपर्यंत लागू राहते, मध्ये दहा चौक का येईनात. आणि या चौकांवर साधारणपणे उजवीकडून येणाऱ्याला आधी जाऊ द्यायचं, गल्ली कितीही बारकी असो. आपल्याकडे मोठ्या रस्त्यावरचा माणूस स्वतःला आधीचा समजतो. इथे रुंदीवरून मान ठरत नाही. रुंदी फक्त लेनसाठी बघायची, अग्रक्रमासाठी नाही. मला या दोन गोष्टी डोक्यात वेगळ्या करायला महिने लागले.

अशा गल्लीत दोन्ही कडांना गाड्या आणि मध्ये एकच गाडी जाईल एवढी जागा, हे रोजचंच. दोन्ही दिशांचा रस्ता, पण लेन प्रत्यक्षात एक. अडथळा, म्हणजे उभी गाडी, ज्याच्या बाजूला आहे त्याने थांबायचं. दोन्हीकडे असेल तर समजुतीने. इथे एक सवय मात्र विमानात बसण्याआधीच सोडून या. आपल्याकडे डिपर मारला की अर्थ "मी येतोय, तू थांब". इथे गल्लीत समोरच्याने डिपर दिला तर तो बहुधा "तुम्ही या" म्हणत असतो. तुम्ही नाशिकच्या अर्थाने डिपर द्याल आणि तो निवांत तुमच्या अंगावर येईल. कायद्यात डिपर मुख्यतः धोक्याची सूचना द्यायला आहे, त्यामुळे समोरच्याच्या डिपरवर पूर्ण भरवसाही ठेवू नका. तो खरंच थांबलाय का ते बघा, मग निघा.

सायकलचं गणितही रुंदीचंच आहे. २०२० पासून नियमात आकडा लिहिलेला आहे: गावात सायकलला ओलांडताना दीड मीटर अंतर, गावाबाहेर दोन. सायकलची जागा, दीड मीटर आणि तुमची दोन मीटरची गाडी यांची बेरीज करा, म्हणजे लक्षात येईल की साध्या गल्लीत समोरून गाडी येत असताना सायकलला ओलांडताच येत नाही. मागे मागे चालवायचं. मागचा हॉर्न वाजवणार नाही, आणि वाजवला तरी चालवायचं.

गाडी लावतानाही हेच डोळे वापरा. कोर्टांनी साधारण धरलेला हिशोब असा की उभ्या गाडीशेजारी किमान ३.०५ मीटर रस्ता उरायला हवा: २.५५ ट्रकचे आणि अर्धा मीटर सुरक्षेचा. अग्निशमनाची गाडी त्यातूनच जाणार असते.

मार्चमध्ये येताय म्हणजे बर्फ कदाचित दिसेल, नाहीतर पुढच्या हिवाळ्यात नक्की दिसेल. बर्फात सगळेच रस्ते बिनपट्ट्यांचे. गावाबाहेर कडेला कमरेएवढे पांढरे खांब असतात, वर तिरपा काळा पट्टा, साधारण दर ५० मीटरला एक. त्यांना लाइटफोस्टन म्हणतात. रात्री उजवीकडच्या खांबावर एक उभा चौकोनी चमकणारा ठिपका दिसतो, डावीकडच्यावर दोन गोल ठिपके, एकाखाली एक. माझ्या पहिल्या हिवाळ्यात श्वेबिशे आल्बच्या पठारावर रात्री परतताना पुढे नुसतं पांढरं होतं, शेत कुठलं आणि रस्ता कुठला कळेना. उजवीकडे एक, डावीकडे दोन, असं पुटपुटत मी वीस किलोमीटर चालवलं. वळण कुठे आहे तेसुद्धा ते ठिपके आधी सांगतात.

आउटोबानवर उलट त्रास: पट्टे नसतात असं नाही, दुप्पट असतात. काम चालू असलं की पिवळे पट्टे मारतात आणि पांढरे तसेच राहतात. पिवळे असतील तिथे पांढरे डोळ्यांआड करा. अशा जागी डावी लेन अरुंद असते आणि वर रुंदीची मर्यादा लिहिलेली असते. ती आरशांसकट मोजतात, आणि गाडीच्या कागदांवरची रुंदी आरसे सोडून असते. गाडी घेतल्यावर तिची आरशांसकट रुंदी शोधून एका चिठ्ठीवर लिहा आणि डॅशबोर्डवर चिकटवा. मी अजून तसंच करते.

आणि रेटुंग्सगासे, म्हणजे रुग्णवाहिकेची वाट. आउटोबानवर, आणि गावाबाहेर एका दिशेला किमान दोन लेन असतील तिथे, गाड्या चालण्याच्या वेगाला आल्या की सायरनची वाट न बघता बाजू करायची. सर्वांत डावीकडची रांग डावीकडे, बाकी सगळ्या उजवीकडे, तीन लेन असोत की चार. पट्टे दिसत नसले तर रांगा मोजा. बाजू न केल्यास किमान २०० युरो दंड, लायसन्सच्या नोंदीत दोन दंडाचे पॉइंट आणि महिनाभर गाडी चालवायला बंदी. पण दंडापेक्षा, पुढे कुणीतरी अडकलंय हे मनात असू द्या.

तुमच्या तयारीसाठी: भारतीय लायसन्स इथे राहायला आल्यापासून सहा महिने चालतं. आरटीओतून इंटरनॅशनल परमिट काढून घेऊनच निघा. सहा महिन्यांनंतर जर्मन लायसन्स लागतं आणि भारतीयांना थेअरी आणि प्रॅक्टिकल दोन्ही परीक्षा द्याव्या लागतात. थेअरी इंग्रजीतून देता येते, प्रॅक्टिकलमध्ये परीक्षक सूचना जर्मनमध्येच देतो. तासांची सक्ती नाही, पण ड्रायव्हिंग स्कूलमार्फतच जावं लागतं. सहावा महिना उजाडायची वाट बघू नका, तारखा मिळायला वेळ जातो. चार-पाच तास तरी घ्या, आणि शिक्षकांना पहिल्याच दिवशी सांगा की मला पट्टे नसलेल्या रस्त्यांवर न्या. ते सहसा मोठ्या चौकांवर भर देतात.

आणि घर मिळालं की गाडी घ्यायच्या आधी एका संध्याकाळी तिघंही पायी निघा. प्रत्येक गल्लीच्या तोंडाशी थांबून ठरवा: वन-वे की दुहेरी, लेन एक की दोन, डावीकडे वळायचं तर मी कुठे असेन. मुलीला उभ्या गाड्यांची तोंडं बघायला सांगा. माझ्या मुलाला तो खेळ सहाव्या वर्षी येत होता. घर कुठल्या भागात मिळतंय ते कळवा. त्या बाजूचे अवघड चौक मला माहीत असतील तर लिहून पाठवते.