वडापावचा वडा तेल पितो, काय करू?

प्रश्न: ताई, घरी वडापाव करते तेव्हा वडे फार तेलकट होतात, कधीकधी तळताना फुटून भाजीच बाहेर येते. गाडीवर मिळतो तसा वडा कसा जमेल?

उत्तर: बहुतेक तुमचं पीठ पातळ होतंय आणि सोडा जास्त पडतोय. सोड्याने वडा फुगतो खरा पण तेलही पितो, म्हणून १ वाटी बेसनाला अगदी चिमूटभर पुरे, तोही तळायच्या आधी घाला. वडा बुडवून उचलला की पीठ त्याला चिकटून राहिलं पाहिजे, आतला बटाटा दिसता कामा नये. भाजी मात्र पूर्ण गार करा, गरम असली की वाफ धरते नि आवरण फुटतं. तेल १८० डिग्रीच्या आसपास हवं, पिठाचा थेंब टाकला की लगेच वर यायला हवा, आणि कढईत गर्दी नको, तेल गार पडतं.

आणि हो, उरलेलं पीठ टाकू नका हं! ते तेलात शिंपडून कुरकुरीत चुरा तळा, लसूण, सुकं खोबरं, लाल तिखट, मीठ घालून जाडसर वाटा, ही सुकी चटणी नसेल तर माझ्या मते तो वडापावच नाही. लादीपाव ताजा घ्या.